टी नेमकी कुठे संपते?

इंटर्नशिपच्या तिसऱ्या महिन्यात, मेडिसिनच्या नाइटला, मी एका काकूंचा इसीजी मोजून केसपेपरवर ‘क्यूटीसी ५८१’ असं लिहिलं, म्हणजे फारच लांबलेला. क्यूटी म्हणजे इसीजीवर ठोक्याच्या क्यूपासून टी ही लाट संपेपर्यंतचा वेळ, आणि क्यूटीसी म्हणजे ठोक्यांच्या वेगानुसार दुरुस्त केलेला तोच आकडा, मिलिसेकंदांत. तीन दिवस उलट्या-जुलाब, सिप्रोफ्लॉक्सासिन हे क्यूटी लांबवू शकणारं अँटिबायोटिक चालू. आकडा बघून औषध थांबवलं, कारण सापडलं असं धरून चालले आणि पोटॅशियम तपासायला पाठवलंच नाही. सकाळी रजिस्ट्रार मॅडमनी पाठवलं. २.६ आलं, म्हणजे बरंच कमी. ती रात्र अजून मनातून जात नाही.

क्यूआरएसमध्ये, म्हणजे ठोक्याच्या टोकदार भागात, सहसा कोणी फसत नाही. इसीजीच्या कागदावरचे तीन लहान चौकोन, म्हणजे १२० मिलिसेकंद, ओलांडले की रुंद. फसवते ती टी. काकूंच्या व्ही-थ्रीमध्ये, म्हणजे छातीवरच्या एका लीडच्या नोंदीत, टी चपटी होती आणि तिला चिकटूनच टीनंतर येणाऱ्या यू लाटेची गोल टेकडी. मधला खळगा मला टीचीच खाच वाटला, म्हणून मी यू संपेपर्यंत मोजलं: १३ चौकोन, ५२० मिलिसेकंद. मॅडमनी लीड-टू घेतली, टीच्या उतरत्या बाजूला पट्टी लावून पेन्सिलीने रेघ ओढली. ती बेसलाइनला जिथे छेदते, तिथे टी संपली. चौकोन भरले दहा. ठोके ७५, आरआर, म्हणजे दोन ठोक्यांमधलं अंतर, ०.८ सेकंद, ४०० भागिले ०.८चं वर्गमूळ, ४४७. म्हणजे क्यूटी ठीकच होता. पोटॅशियम उतरल्याचं ती यू सांगत होती, आणि मी तिलाच टीमध्ये जमा केलं होतं. टी-यू अगदी मिसळून गेल्या असतील तर दुसरी लीड बघा. क्यूटी नॉर्मल आला तरी अशा पेशंटला सुरक्षित समजू नका, पोटॅशियम-मॅग्नेशियम लगेच पाठवा.

मशीनने छापलेला आकडा उतरवून घेऊ नका. तेही अशाच ठिकाणी चुकतं. ‘क्यूटी आरआरच्या निम्म्याहून कमी म्हणजे ठीक’ हा शॉर्टकट तर मला मुळीच पटत नाही. ठोके मंद असतील तर लांबलेला क्यूटी त्यातून निसटतो. आणि ताप असलेल्या, १२०ने धावणाऱ्या पेशंटमध्ये बॅझेटचं १९२०चं सूत्र, म्हणजे वरचं वर्गमूळवालं, आकडा फुगवतं: ३२०चा क्यूटी बॅझेटने ४५३, घनमूळ घेणाऱ्या फ्रिडेरिशियाच्या सूत्राने ४०३.

सुरुवातीला एका इसीजीला दहा मिनिटं लागतील, लागू द्या. मलाही लागायची. शिकवणारा कितीही हुशार असो, नुसता आकडा सांगून पुढे जात असेल तर त्याला थांबवा आणि विचारा, ‘सर, टी कुठे संपली धरलीत?’ मॅडमची ती पेन्सिलीची रेघ बघितल्यापासून मी एप्रनच्या खिशात छोटी पट्टी ठेवते.