स्टारड्यू व्हॅली: फोनमधली सेव्ह फाइल बाहेर काढायची, बदलायची आणि परत ठेवायची कशी

स्टारड्यू व्हॅली सुरू करताना घाईघाईत शेताला काहीतरी नाव दिलेलं असतं, आणि खेळातली दोन वर्षं उलटली की ते नाव खुपायला लागतं. खेळाच्या आत ते बदलायची सोय नाही. सेव्ह फाइलमध्ये, म्हणजे खेळाची आतापर्यंतची सगळी प्रगती ज्यात साठते त्या फाइलमध्ये, मात्र ते साध्या अक्षरांत लिहिलेलं असतं. पैसे, पात्राची ताकद, बियाण्यांची संख्या, सगळं तिथेच, उघड वाचता येईल असं. म्हणून फोनमधल्या खेळाच्या फायली हाताळायला शिकायचं असेल तर सुरुवात याच खेळापासून करावी. एरिक बॅरोन यांनी एकट्याने बनवलेला हा खेळ २०१६ मध्ये संगणकावर आला, २०१८ मध्ये आयफोनवर आणि २०१९ मध्ये अँड्रॉइडवर. विकत घेतलेला, एकट्याने खेळायचा, त्यामुळे बदल केला तर तो फक्त तुमच्याच शेतात होतो.

ऑनलाइन खेळांना हा मार्ग लागू नाही. बीजीएमआयसारख्या खेळात तुमची नाणी आणि पातळी कंपनीच्या सर्व्हरवर असते, फोनमध्ये दिसतो तो नुसता आकडा. तो बदलून काहीच मिळत नाही, उलट फायलींशी छेडछाड पकडली गेली की खातं बंद होतं. आणि ‘सगळं अनलॉक केलेला’ खेळ फुकट देणारी संकेतस्थळं तर पूर्ण टाळा. तिथलं ॲप ॲक्सेसिबिलिटीची परवानगी मागायला लागलं तर ते लगेच काढून टाका, कारण त्या परवानगीने ते तुमच्या स्क्रीनवरचं सगळं वाचू शकतं, यूपीआयचं ॲपसुद्धा.

अजून एक. फोल्डरची आणि फाइलमधली नावं प्रत्यक्षात इंग्रजी लिपीत आहेत, इथे ती उच्चारानुसार दिली आहेत. आकडेही इथे मराठी अंकांत छापले आहेत, पण फाइलमध्ये लिहिताना इंग्रजी अंकच टाकायचे. याचं कारण पुढे येईल.

खेळ कुठे थांबवायचा

खेळ दिवसाच्या शेवटी, पात्र झोपलं की सेव्ह होतो. फोनवरच्या आवृत्तीत याशिवाय मधूनच ॲप मागे गेलं तरी एक तात्पुरती सेव्ह तयार होते. दुपारी शेतात पाणी घालताना खेळ सोडला आणि फाइल बदलली, तर खेळ ती तात्पुरती सेव्ह उचलतो आणि तुमचा बदल कुठे गेला ते कळत नाही. त्यामुळे पात्राला झोपवा, सकाळी सहाला जाग आल्यावर वरच्या कोपऱ्यातला पैशांचा आकडा कागदावर लिहून घ्या, आणि काहीही न करता लगेच मेन्यूतून मुखपृष्ठावर या. समजा आकडा ३४७१ आहे. हा कागद पुढे उपयोगी पडणार आहे.

मग फोनच्या सेटिंग्जमध्ये ॲप्स, स्टारड्यू व्हॅली, ‘फोर्स स्टॉप’. तिथेच कुठेतरी ‘क्लिअर डेटा’ही असतं, त्याला चुकूनही हात लावू नका. त्याने शेत पुसलं जातं. ॲप अनइन्स्टॉल केल्यावरही हेच होतं, कारण अँड्रॉइड त्या ॲपचं फोल्डरही सोबत उडवतं. ‘क्लिअर कॅश’ने काही बिघडत नाही.

फोल्डरपर्यंत पोहोचणं

वाट अशी: इंटर्नल स्टोरेज, त्यात ‘अँड्रॉइड’, त्यात ‘डेटा’, त्यात ‘कॉम.चकलफिश.स्टारड्यूव्हॅली’, मग ‘फाइल्स’ आणि ‘सेव्ह्ज’. चकलफिश ही खेळाची सुरुवातीची प्रकाशक कंपनी. प्रकाशन नंतर बॅरोन यांनी स्वतःकडे घेतलं तरी फोल्डरचं नाव तेच राहिलं, त्यामुळे ‘सी’ अक्षराखाली शोधा, ‘एस’खाली नाही.

फोनच्या फाइल मॅनेजरमधून इथे गेलात तर बहुतेकदा ‘डेटा’ रिकामं दिसेल. ते रिकामं नाही. २०२० मध्ये आलेल्या अँड्रॉइड ११ पासून एका ॲपला दुसऱ्या ॲपचं फोल्डर बघायला मनाई आहे, आणि फाइल मॅनेजर हेही शेवटी एक ॲपच. फोन रूट करायची, म्हणजे फोनच्या यंत्रणेवरची सगळी बंधनं तोडायची, काहीही गरज नाही, बाकीचे रस्ते पुरेसे आहेत.

सगळ्यात भरवशाचा रस्ता यूएसबी केबलचा. फोन संगणकाला जोडा, स्क्रीनचं लॉक उघडा, वरून नोटिफिकेशन ओढून ‘चार्जिंग’ऐवजी ‘फाइल ट्रान्सफर’ निवडा. विंडोजमध्ये ‘धिस पीसी’खाली फोन दिसेल आणि बहुतेक फोनवर ‘डेटा’ फोल्डर तिथे भरलेलं दिसतं. फोन दिसतच नसेल तर आधी केबल बदला. स्वस्त केबलींमध्ये पुष्कळदा फक्त विजेच्या तारा असतात, डेटाच्या नसतातच. मॅकमध्ये फोन आपोआप दिसत नाही, त्यासाठी ओपनएमटीपी हे मोफत सॉफ्टवेअर लागतं.

संगणक नसेल तर शिझुकू. हे मोफत ॲप फाइल मॅनेजरला विकासकाच्या पातळीची परवानगी मिळवून देतं. सेटिंग्जमध्ये ‘अबाउट फोन’मध्ये ‘बिल्ड नंबर’वर सात वेळा टॅप केलं की ‘डेव्हलपर ऑप्शन्स’ उघडतात. फोन वाय-फायला जोडलेला ठेवून तिथलं ‘वायरलेस डीबगिंग’ चालू करा. शिझुकूमध्ये ‘पेअरिंग’ दाबा, मग वायरलेस डीबगिंगच्या पानावर सहा आकडी कोड मागवा आणि तो शिझुकूच्या नोटिफिकेशनमध्ये टाका. त्या पानावरून बाहेर पडलात तर कोड रद्द होतो, म्हणून नोटिफिकेशन त्याच पानावरून खाली ओढायचं. मग शिझुकू ‘स्टार्ट’ करा आणि झेडआर्काइव्हरसारख्या फाइल मॅनेजरच्या सेटिंग्जमध्ये जाऊन त्याला शिझुकूची परवानगी द्या. आता ‘डेटा’ उघडेल. फोन बंद करून चालू केला की शिझुकू पुन्हा सुरू करावं लागतं. काम झाल्यावर डेव्हलपर ऑप्शन्स बंद करा, कारण काही बँकांची ॲप ते चालू असताना उघडतच नाहीत आणि ऐन दुकानात पैसे देताना ते लक्षात येतं.

आयफोनवर हे सगळं सोपं आहे: ‘फाइल्स’ ॲप, ‘ऑन माय आयफोन’, त्यात स्टारड्यू व्हॅलीचं फोल्डर.

आधी प्रत, मग बाकी सगळं

‘सेव्ह्ज’मध्ये प्रत्येक शेताचं एक फोल्डर असतं. त्याचं नाव म्हणजे पात्राचं नाव, खाली आडवी रेघ आणि एक लांब आकडा, उदाहरणार्थ ‘मीरा_२३४५६७८९०’. आत दोन मुख्य फायली: एकीचं नाव फोल्डरसारखंच तंतोतंत, दुसरी ‘सेव्हगेमइन्फो’. पहिलीत अख्खं शेत आहे. दुसरीत फक्त सेव्ह निवडताना दिसणारा थोडका तपशील. याच नावांना शेपूट जोडलेल्या आणखी फायली दिसतील, त्या खेळाच्या स्वतःच्या राखीव प्रती आहेत.

अख्खं फोल्डर उचलून दोन ठिकाणी ठेवा. एक प्रत ‘मूळ’ नावाच्या फोल्डरमध्ये, जी पुन्हा उघडायचीच नाही. दुसरी कामाची. दोन्हींचा आकार फोनमधल्या फोल्डरइतकाच आहे ना ते बघा, कारण केबल हलली तर अर्धवट फाइलही पूर्ण आल्यासारखी दिसते. हे काम दोन मिनिटांचं आहे. ते टाळून शंभर तासांचं शेत घालवलेले लोक पुष्कळ आहेत, आणि ते शेत परत आणायचा दुसरा कुठलाही खात्रीचा उपाय नाही.

फाइल उघडून बदल

कामाच्या प्रतीतली मोठी फाइल उघडा. संगणकावर नोटपॅड प्लस प्लस, फोनवर क्विकएडिट किंवा तसलंच एखादं. फाइल काही एमबींची असते आणि सगळा मजकूर सहसा एकाच सलग ओळीत असतो, त्यामुळे साधा एडिटर अडकतो. ओळी दुमडायची सोय, म्हणजे ‘वर्ड रॅप’, बंद केली तर बराच फरक पडतो. स्क्रोल करत शोधायचं नाही, नेहमी ‘फाइंड’ वापरायचं.

आता तो कागद काढा आणि ३४७१ शोधा. जिथे सापडेल तिथे आजूबाजूला असं दिसलं पाहिजे:

<मनी>३४७१</मनी>

टोकदार कंसातला शब्द म्हणजे खण, दोन कंसांच्या मध्ये आहे ती त्यातली वस्तू. बदलायची ती फक्त वस्तू. ‘टोटलमनीअर्न्ड’ नावाचाही खण भेटेल, तो आजवरच्या एकूण कमाईचा हिशेब आहे, त्याने खिशातले पैसे वाढत नाहीत. नुसता ‘मनी’ शोधलात तर नेमके याच गोंधळात पडाल. म्हणून आकडा लिहून ठेवायचा.

समजा ५०००० करायचे आहेत. इंग्रजी अंकांत टाका, स्वल्पविराम नको, ५०,००० नको, रुपयाचं चिन्ह नको, आकड्याच्या आधी-नंतर मोकळी जागाही नको. फोनवर मराठी कळफलक चालू असेल तर देवनागरी अंक पडतात, आणि खेळ ते संख्या म्हणून वाचू शकत नाही. मग सेव्ह उघडतच नाही. वरची मर्यादाही आहे: हा खण २१४७४८३६४७ पर्यंतचाच आकडा धरतो, त्यापुढे गेलं की फाइल वाचताना खेळ अडतो. आठ अंकांच्या पुढे जाऊच नका.

शेताच्या नावासाठी ‘फार्मनेम’ शोधा. नाव इंग्रजी अक्षरांत लिहा, कारण खेळ मराठीत किंवा हिंदीत निघालेला नाही आणि त्याच्या टंकात देवनागरी अक्षरं नाहीत. नावात ‘आणि’साठीचं अँपरसँड चिन्ह किंवा टोकदार कंस टाकू नका, ही चिन्हं फाइलच्या व्याकरणाची आहेत, त्याने पुढचा सगळा मजकूर बिघडतो. सुरुवातीला २७० असणारी ताकद ‘मॅक्सस्टॅमिना’त सापडेल. थैलीतल्या वस्तूंची संख्या ‘स्टॅक’मध्ये असते. ती ९९९ च्या वर नेऊ नका, आणि एकाच वस्तूला मोठ्या आणि लहान ‘एस’चे असे दोन ‘स्टॅक’ दिसले तर दोन्हीकडे तोच आकडा टाका.

एका वेळी एकच बदल करा. पाच एकदम केले आणि शेत उघडलं नाही, तर नेमका कुठला चुकला ते शोधण्यात रात्र जाते.

सेव्ह करताना फक्त ‘सेव्ह’. ‘सेव्ह ॲज’ केलं की एडिटर नावामागे ‘डॉट टीएक्सटी’ चिकटवतो. विंडोज तो भाग सहसा दाखवत नाही, त्यामुळे नाव बरोबर दिसतं आणि खेळाला मात्र फाइल सापडत नाही. एन्कोडिंग, म्हणजे फाइलमधली अक्षरं साठवायची पद्धत, विचारलं तर जे आहे तेच राहू द्या.

परत ठेवणं

खेळ बंद आहे ना ते पुन्हा बघा. फोनमधल्या फोल्डरची प्रत तुमच्याकडे आहेच, तेव्हा तिथली जुनी मोठी फाइल आधी पुसा आणि मग नवी टाका. केबलवरून थेट जुनीवर नवी टाकली तर कधीकधी जुनीच राहते, नाहीतर नावामागे कंसात १ लागतो. नाव फोल्डरच्या नावाशी अक्षर न् अक्षर जुळलं पाहिजे. मग केबल काढा, खेळ उघडा, शेत निवडा.

सेव्हच्या यादीत अजून जुनेच पैसे दिसले तर घाबरू नका. ती यादी ‘सेव्हगेमइन्फो’तून येते आणि ती फाइल आपण बदलली नाही. शेत उघडल्यावर नवा आकडा दिसेल, आणि एक रात्र झोपलात की यादीही जुळेल. यादीत शेतच नसेल तर नावात चूक आहे. शेत दिसतं पण उघडताना खेळ बंद पडतो, तर आकड्यात किंवा कंसात चूक आहे: ‘मूळ’मधून नवी प्रत काढा आणि पुन्हा करा. शेत उघडलं पण काहीच बदललं नाही, तर बहुधा खेळ मागे चालू होता किंवा त्याने तात्पुरती सेव्ह उचलली. पात्राला झोपवून पहिल्यापासून करा.

याच वाटेने फोनमधलं शेत संगणकावरही नेता येतं. विंडोजवर ते फोल्डर ‘ॲपडेटा’, ‘रोमिंग’, ‘स्टारड्यूव्हॅली’, ‘सेव्ह्ज’ इथे ठेवायचं. दोन्हीकडची आवृत्ती आधी बघून घ्या. जुन्या आवृत्तीतलं शेत नवीत उघडतं, नवीतलं जुनीत उघडत नाही. संगणकावर १.६ ही आवृत्ती मार्च २०२४ मध्ये आली आणि फोनवर नोव्हेंबरमध्ये, त्यामुळे फोनवर खेळ अद्ययावत केलेला नसेल तर संगणकावरून आणलेलं शेत तिथे उघडणार नाही. आधी प्ले स्टोअरवरून अपडेट करा, मग फोल्डर ठेवा.