अटाकामा वाळवंटातल्या दुर्बिणी आणि तिथलं आकाश बघायला जायचंय? मग आधी चंद्र बघा, तिकीट नंतर

चिलीतल्या अटाकामाबद्दल मला सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न म्हणजे तिथल्या मोठ्या दुर्बिणीतून बघायला मिळतं का. नाही मिळत. तिथल्या दोन मोठ्या वेधशाळा म्हणजे परानाल आणि आल्मा, दोन्हीकडे पर्यटकांना दिवसाच नेतात आणि रात्री तिथे फक्त संशोधनाचं काम चालतं, मोठ्या दुर्बिणींना तर डोळा लावायची जागाच नसते, सगळं कॅमेऱ्यात आणि कॉम्प्युटरवर. त्यामुळे दुर्बिणी दिवसा बघायच्या आणि आकाश रात्री वाळवंटात उभं राहून स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं, हे पक्कं झालं की बाकी प्लॅन आपोआप लागतो.

पहिली गोष्ट तारीख. अमावस्येच्या आसपासचा आठवडा धरा, आणि त्यात शनिवार-रविवार येतोय ना ते बघा, कारण परानालची भेट शनिवारी असते आणि आल्माची शनिवार-रविवारी. दोन्ही फुकट आहेत पण आधी ऑनलाइन नाव नोंदवावं लागतं आणि जागा फार लवकर भरतात, म्हणून विमानाच्या आधी हे बुकिंग करा, आणि दिवस-वेळा त्यांच्या साइटवर परत एकदा तपासा. दोन्ही करायचं तर दोन वीकेंड हाताशी ठेवलेले बरे, कारण परानाल अंतोफागास्ता शहराच्या दक्षिणेला आणि आल्मा सान पेद्रो दे अटाकामा या गावाजवळ, मधलं अंतर काही तासांचं आहे. आमच्या हॉस्टेलवर एक जोडपं नेमकं पौर्णिमेला आलेलं, इतक्या लांबून, आणि गावातल्या आकाशदर्शनाच्या टूर त्या दिवसांत बंद, फार वाईट वाटलं बघून.

महिना कुठला? मी जूनमध्ये गेले आणि परत गेले तरी जूनच निवडेन. थंडी कडक असते पण रात्र मोठी असते आणि आकाशगंगेचा मधला भाग मध्यरात्रीच्या सुमारास डोक्यावर येतो. जानेवारी-फेब्रुवारी टाळा, तिकडच्या उंच पठारावर तेव्हा ढग आणि पाऊस येतो, आल्मासुद्धा फेब्रुवारीत निरीक्षणं थांबवून देखभालीची कामं काढतं.

आता हा कोरडेपणा कुठून येतो ते थोडं समजून घ्या, म्हणजे तिथे गेल्यावर समोर दिसतं. पूर्वेला अँडीज पर्वत, त्यामुळे अमेझॉनच्या बाजूची वाफ पलीकडेच पडून जाते. पश्चिमेला पॅसिफिकमध्ये हम्बोल्ट नावाचा थंड प्रवाह, त्याच्यावरची हवा गार आणि जड, ती वर चढतच नाही, आणि वरून कायमच्या उच्च दाबाचं झाकण. किनाऱ्यावर धुकं होतं, तिकडे त्याला कामांचाका म्हणतात, पण पाऊस होत नाही. आरिका शहराची वर्षाची सरासरी 1 मिलिमीटरपेक्षा कमी आहे, आणि आपल्याकडे सांताक्रूझला 26 जुलै 2005 ला एका दिवसात 944 मिलिमीटर पडला होता, हे दोन आकडे शेजारी ठेवून बघा. परानालवरून खाली बघितलं की समुद्राच्या बाजूला ढगांची सपाट चादर पायाखाली दिसते आणि वर लख्ख निळं, तेच ते झाकण.

परानाल 2635 मीटरवर आहे. माथा सुरुंग लावून 28 मीटर छाटून सपाट केलाय आणि त्यावर व्हीएलटीच्या, म्हणजे व्हेरी लार्ज टेलिस्कोपच्या, 8.2 मीटर आरशांच्या चार दुर्बिणी. नावं मापुचे लोकांच्या भाषेतली, आंतू म्हणजे सूर्य, कुयेन म्हणजे चंद्र, मेलिपाल म्हणजे आपला त्रिशंकू (क्रॉससारखा दिसणारा तारकासमूह) आणि येपून म्हणजे शुक्र. हेल्मेट घालून आत नेतात. आत गेल्यावर आरशाच्या खालच्या बाजूकडे नीट बघा, एवढा मोठा आरसा जेमतेम 17-18 सेंटीमीटर जाड आहे, म्हणजे स्वतःच्याच वजनाने वाकणार, म्हणून खालून दीडशे आधार त्याला सतत सूक्ष्म ढकलत आकारात ठेवतात. मी तिथे वेळ संपेपर्यंत उभी होते. बाहेर आल्यावर समोर सेरो आर्मासोनेस हा डोंगर दिसतो, तिथे 39 मीटर आरशाची ईएलटी, म्हणजे एक्स्ट्रीमली लार्ज टेलिस्कोप, उभी राहतेय, आरसा 798 तुकड्यांचा. पॅनअमेरिकन हायवेने गेलात तर वाटेत वाळूतून वर आलेला 11 मीटरचा काँक्रीटचा हात लागतो, मारियो इरारासाबाल यांचं शिल्प, पाच मिनिटं थांबाच.

आल्माची गंमत वेगळी. त्याचे 66 अँटेना चाहनान्तोर पठारावर 5000 मीटरवर आहेत आणि तिथे पर्यटकांना नेत नाहीत, भेट होते ती 2900 मीटरवरच्या तळावर. तिथे कंट्रोल रूम बघायला मिळते, आणि नशीब असेल तर दुरुस्तीला खाली आणलेला अँटेना आणि तो उचलणारा 28 चाकांचा अवाढव्य ट्रक. नारायणगावजवळच्या खोडदचं जीएमआरटी बघितलं असेल तर मनात येईल की रेडिओ दुर्बीण तर आपल्याकडे पावसातही चालते, मग हे इतक्या उंच कशाला? जीएमआरटी लांब लहरी ऐकतं, मीटरच्या आसपासच्या, त्यांना हवेतली वाफ फारशी अडवत नाही. आल्माच्या लहरी मिलिमीटर आणि त्याहून बारीक, त्या वाफेतच जिरून जातात. म्हणून वाफ जवळजवळ नाहीच अशी जागा शोधावी लागली.

हाच कोरडेपणा तुमच्या अंगालाही लागतो आणि इथे लोक चुकतात. सान पेद्रो 2400 मीटरवर आहे, पहिले दोन दिवस तिथेच हळूहळू फिरा, व्हॅले दे ला लुना, मिठाच्या टेकड्या, सालारमधले, म्हणजे मिठाच्या सपाट मैदानातले, फ्लेमिंगो. एल तातिओचे गरम झरे 4300 मीटरवर आहेत, ते शेवटी ठेवा, पहाटे तिथे शून्याच्या बरंच खाली तापमान असतं आणि पाणी 86 अंशांनाच उकळतं. डोकं ठणकायला लागलं, मळमळलं तर हट्ट न करता खाली या. तहान लागायची वाट न बघता पाणी पीत राहा. नाकाला आतून व्हॅसलीन लावा, खरंच लावा, माझ्या नाकातून दुसऱ्याच दिवशी रक्त आलं होतं. रात्री अंधारात ब्लँकेट ओढलं की त्यातून ठिणग्या उडताना दिसतात, इतकी हवा कोरडी. कोकाच्या पानांचा चहा तिथे सर्रास मिळतो, पण पानं घरी आणू नका, भारतात बेकायदा आहेत. आणि जाताना लाडू-चिवडा नेणार असाल तर चिलीत उतरल्यावर फॉर्मवर लिहा, लपवलं आणि सापडलं तर दंड होतो, फळं, बिया आणि मध तर नेऊच नका.

आता रात्र. गावाच्या दिव्यांपासून लांब जा, एकटे नाही, टूरबरोबर किंवा रस्ता माहीत असलेल्या माणसाबरोबर. मोबाइल खिशात आणि फक्त लाल टॉर्च, डोळे अंधाराला सरावायला अर्धा तास लागतो आणि एकदा पांढरा उजेड पडला की परत पहिल्यापासून सुरू. वांगणीला किंवा भंडारदऱ्याला पहाटे लेन्सवर दव धरतं ना, इथे रात्रभर लेन्स कोरडी ठणठणीत, त्रास फक्त धुळीचा, म्हणून लेन्स बाहेर बदलू नका. बॅटऱ्या मात्र थंडीत पटकन उतरतात, जास्तीच्या आतल्या खिशात अंगाला लागून ठेवा. वाइड लेन्स, आयएसओ 3200, 15 ते 20 सेकंद, इथून सुरुवात करा.

पण आधी कॅमेरा बाजूला ठेवून बघा. पुण्याहून दक्षिणेकडे वाकलेला दिसणारा वृश्चिक इथे थेट डोक्यावर, मूळ नक्षत्राजवळ आकाशगंगा सगळ्यात जाड आणि तिच्यातले काळे पट्टे इतके ठळक की इंका लोकांनी ताऱ्यांऐवजी त्या काळोखातच लामा पाहिला, मित्र आणि मित्रक हे दोन तारे त्या लामाचे डोळे. मोठा मॅजेलन ढग, म्हणजे ढगासारखी दिसणारी आपल्या शेजारची छोटी दीर्घिका, आपल्याकडून धड दिसतच नाही, इथे जूनमध्ये तो पहाटे आग्नेयेला वर येतो, पुसटसा पण ठाम. ध्रुवतारा शोधू नका, तो क्षितिजाखाली आहे. दक्षिण काढायची तर त्रिशंकूच्या लांब दांड्याची लांबी घ्या आणि त्याच्या पायथ्याकडून साडेचार पट पुढे जा, तिथे डोळ्यात भरेल असा एकही तारा नाही, पण सगळं आकाश त्या रिकाम्या जागेभोवती फिरतं. स्टार ट्रेल, म्हणजे फिरणाऱ्या ताऱ्यांच्या रेषांचा फोटो, काढायचा असेल तर कॅमेरा तिकडेच रोखा आणि तासभर ट्रायपॉडला हात लावू नका.