कातळावरचं शेवाळ कुठल्या घराण्यातलं?

नात नववीचं पुस्तक घेऊन आली. "आबा, यात सरगॅसम हे समुद्री शैवाल वनस्पतींत दिलंय, थॅलोफायटा या साध्या वनस्पतींच्या गटात. क्लासचे सर म्हणतात शैवाल प्रोटिस्टात, म्हणजे वनस्पती-प्राणी दोन्हींत न बसणाऱ्या साध्या जीवांत. पेपरात काय लिहू?"

म्हटलं, पेपरात पुस्तकातलं लिही आणि रविवारी ओहोटीला माझ्याबरोबर मिऱ्याला चल. रत्नागिरीत कॉलेजच्या वनस्पतिशास्त्राच्या लॅबमध्ये बाटल्यांना चिठ्ठ्या डकवण्यात माझी तीस वर्षं गेली. हे भांडण माझ्या ओळखीचं आहे.

आधी एक गाठ सोडवून घ्या. शैवाल हे कुलकर्ण्यासारखं आहे, कामावरून पडलेलं नाव. गावोगावचे कुलकर्णी एकमेकांचे भाऊबंद असतीलच असं नाही. पाण्यात किंवा ओलीत राहायचं, उन्हावर अन्न करायचं, आणि खरं मूळ-खोड-पान काही नाही, अशा सगळ्यांना आपण शैवाल म्हणतो. रक्ताचं नातं वेगळं शोधावं लागतं.

अमावास्या-पौर्णिमेच्या सुमाराची मोठी ओहोटी पंचांगात बघून ठेवा. दिवाळी ते शिमगा हे दिवस बरे. पावसाळ्यात कातळावर पाय ठेवू नका. तीन नमुने पुरेत, तेही चिमूटभर: पोपटी, पातळ कागदासारखा उल्वा, बारीक द्राक्षांसारखे हवेचे फुगे असलेलं तपकिरी सरगॅसम, आणि तांबूस, दोऱ्यांच्या गुंत्यासारखं ग्रॅसिलारिया. मालवणला मात्र नुसतं बघा, तोडू नका. तिथे 1987 पासून सागरी अभयारण्य आहे.

आयरिश शास्त्रज्ञ हार्वे यानं 1836 साली रंगावरूनच शैवालांची वाटणी केली, आणि हिरवी, तपकिरी, लाल ही त्याची विभागणी बरीचशी टिकली. पण डोळ्यांवर विसंबू नका. नोकरीच्या पहिल्याच वर्षी मी पिवळट-हिरवा एक झुपका हिरव्यांच्या बाटलीत टाकला. विभागप्रमुखांनी सगळ्यांदेखत तो चिमट्यानं बाहेर काढला. म्हणाले, "हे लालच आहे. ऊन खाऊन फिकं पडलंय."

तेव्हापासून मी असं करतो. सरगॅसमचा तुकडा उकळत्या पाण्यात टाका. डोळ्यांदेखत हिरवा होतो! नात दोन पावलं मागे सरकली. तपकिरी रंग फ्युकोझँथिन या रंगद्रव्याचा. उष्णतेनं त्याची प्रथिनांशी बांधलेली गाठ सुटते आणि खालचं हरितद्रव्य दिसू लागतं. लालाला गरम पाणी नको, तेही हिरवट पडून फसवतं. ग्रॅसिलारिया रात्रभर फ्रीझरमध्ये ठेवा, सकाळी थोड्या गोड्या पाण्यात चुरडा. पाण्याला गुलाबी झाक आली तर ते फायकोएरिथ्रिन हे रंगद्रव्य, लालांची खूण. मायक्रोस्कोप असेल तर शेतातल्या साचलेल्या पाण्यातल्या स्पायरोगायरा या दोऱ्यासारख्या हिरव्या शैवालावर आयोडीनचा थेंब टाका. हरितलवकातले ठिपके निळे-काळे होतात. तो स्टार्च, आंब्याच्या पानात असतो तोच.

आता नातं. उल्वात हरितद्रव्य अ आणि ब, स्टार्च हरितलवकाच्या आत. म्हणजे तो थेट झाडापेडांच्या भावकीतला. लाल शैवालं याच मोठ्या कुटुंबातली, पण फार पूर्वी वेगळी निघालेली. या कुटुंबाच्या पूर्वजानं एक निळा-हिरवा जिवाणू गिळला आणि पचवलाच नाही. त्याचंच पुढे हरितलवक झालं. ही कल्पना रशियाच्या मेरेझकोव्स्कीनं 1905 मध्ये मांडली, लिन मार्गुलिस यांनी 1967 मध्ये ती पुन्हा उभी केली.

तपकिरींची गोष्ट निराळी. त्यांच्या पूर्वजानं अख्खं लाल शैवालच गिळलं. म्हणून त्यांच्या लवकाभोवती दोनाऐवजी चार पटलं. यांचा गट स्ट्रॅमेनोपाइल, आणि त्याच गटात फायटोफ्थोरा बसतो, म्हणजे आपल्या सुपारीला कोळेरोग लावणारा. सरगॅसम उल्वापेक्षा कोळेरोगाच्या जवळचं आहे, हे बागायतदार शेजाऱ्याला सांगितलं तर त्याला ते पटेना.

निळी-हिरवी शैवालं, स्पिरुलिना धरून, केंद्रकच नसलेली. ते सरळ जिवाणू. एकपेशीय हिरवा युग्लीना आणखी तिसऱ्याच वाड्यातला.

नातीच्या प्रश्नाचा उलगडा इथेच होतो. शास्त्रज्ञ व्हिटेकरनं 1969 मध्ये सजीवांच्या पाच सृष्टी मांडल्या तेव्हा मोठी शैवालं वनस्पतींत ठेवली, एकपेशीय प्रोटिस्टात. मार्गुलिस यांनी पुढे सगळीच प्रोटिस्टांच्या गोटात नेली. आज डीएनए बघणारे दोन्ही कप्पे मोडतात.

नावाच्या शेपटीवरून पायरी ओळखता येते: विभागाला फायटा, वर्गाला फायसी, गणाला एलीस, कुलाला एसी. सरगॅसम घ्या: ऑक्रोफायटा, फिओफायसी, फ्यूकेलीस, सरगॅसेसी. चिठ्ठी लिहिण्याआधी अल्गीबेस या संकेतस्थळावर नाव ताडून बघा, जुन्या पुस्तकावर जाऊ नका. आमच्याकडे नळीसारख्या शैवालाच्या अकरा बाटल्यांवर एंटेरोमॉर्फा लिहिलेलं होतं. 2003 मध्ये डीएनएवरून ती प्रजाती उल्वात विलीन झाली. लिनियसनं 1753 मध्येच नळ्या आणि पातळ पानं दोन्ही उल्वात घातली होती, मधली एकशे ऐंशीएक वर्षं आम्हीच ती वेगळी करून बसलो. अकराच्या अकरा चिठ्ठ्या मी नव्यानं लिहिल्या, आणि पेन्सिलनं. बाटलीच्या आत घालायच्या चिठ्ठीवर शाई वापरू नका, फॉर्मालिनमध्ये उतरते.