भट्टीची काजळी घरात येते? आधी वही घाला

मागच्या उन्हाळ्यात गच्चीवर सांडगे घातले होते. रात्री वरून सासऱ्यांचं जुनं धोतर टाकलं. सकाळी बघते तर पांढऱ्या धोतरावर काळी पूड, बोटात धरली की कचकचणारी. लेकानं लोहचुंबक कागदात गुंडाळून त्यावरून फिरवला, तर कण कागदाला उभे राहून चिकटले. चुलीची राख अशी चिकटत नाही. घरामागं फाउंड्री, म्हणजे लोखंड वितळवून ओतायचा कारखाना आहे, तिथलंच हे लोखंड. आमची म्हातारी माणसं तेच रात्रभर नाकानं ओढत होती.

रागाच्या भरात मी फोनवर तक्रार केली, नुसतं “धूर येतो” म्हणाले. तपासायला माणसं आली ती दुपारी, आणि भट्टी पेटायची रात्री अकरानंतर. थंड भट्टीसमोर कोण काय लिहून नेणार? म्हणून बेळगावच्या उद्यमबाग, मच्छे, होनग्याकडच्या बायाबापड्यांना माझं पहिलं सांगणं हे, की वही घाला. तारीख, भट्टी किती वाजता पेटली, किती वाजता थांबली, वारा कुठून होता, घरात कुणाला खोकला आला. संध्याकाळी गच्चीवर पांढरी फरशी ठेवा आणि सकाळी तिचा फोटो काढा. दवाखान्याची चिठ्ठी जपून ठेवा. पंधरा दिवस नेमानं लिहिलं की भट्टीच्या वेळा आपोआप कळतात. चुंबक आपल्या खात्रीपुरता. खरं मोजमाप प्रदूषण नियंत्रण मंडळानं धुराड्यातून घेतलेल्या नमुन्याचंच.

दुसरं काम कारखान्याचा परवाना मिळवायचं. १९८१ च्या हवा कायद्याप्रमाणं असा कारखाना चालवायला कर्नाटक राज्य प्रदूषण नियंत्रण मंडळाची संमती लागते. धूर गाळायला काय बसवायचं, धुराडं किती उंच हवं, ते त्या संमतीपत्राच्या अटींत असतं. माहिती अधिकारात दहा रुपये भरून त्याची प्रत मागा, सोबत गेल्या दोन वर्षांचे तपासणी अहवाल. कर्नाटकात एका अर्जात एकच विषय आणि शक्यतो दीडशे शब्दांत, हा नियम आहे. त्यामुळं भट्टीचा अर्ज वेगळा, सांडपाण्याचा वेगळा करा. तीस दिवसांत उत्तर आलं नाही तर त्याच कार्यालयातल्या वरिष्ठांकडं अपील.

अटी हातात आल्या की तक्रारीला धार येते. “त्रास होतो” एवढ्यावर थांबू नका. “अट अमुक, ती पाळली जात नाही, या तारखांना या वेळी काजळी पडली, त्याच वेळी तपासणीला या” असं लिहा. अर्ज मंडळाच्या बेळगावच्या प्रादेशिक अधिकाऱ्यांना, प्रत जिल्हाधिकाऱ्यांना. भाषेचं म्हणाल तर संविधानाचं कलम ३५० आपल्याला मराठीत गाऱ्हाणं मांडायचा हक्क देतं, तो सोडू नका. पण काम लवकर हलावं म्हणून मी सोबत कानडी प्रत जोडते. शेजारची मुलगी कानडी शाळेत शिकली, ती बसून लिहून देते. आवक शिक्का मारलेली पोच घेतल्याशिवाय बाहेर पडू नका. अटी मोडल्याचं दिसलं तर मंडळाला हवा कायद्याच्या कलम ३१अ खाली कारखाना बंद करायचा, वीज तोडायचा आदेश देता येतो.

रात्रीच्या ठोकाठोकीचीही वेगळी नोंद ठेवा. राहत्या वस्तीत रात्री दहा ते सहा आवाजाची मर्यादा ४५ डेसिबल आहे.

अख्ख्या गल्लीला त्रास असेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली उपविभागीय दंडाधिकाऱ्यांकडंही जाता येतं. सार्वजनिक उपद्रव हटवायचा आदेश ते देऊ शकतात. सह्या घरटी एक घ्या, म्हणजे कुणी एकटं पडत नाही.

तरीही काही हललं नाही तर राष्ट्रीय हरित लवाद, म्हणजे पर्यावरणाची प्रकरणं ऐकणारं न्यायालय. त्याचं पुण्याचं पीठ आपल्याला जवळ, पण कर्नाटकाचं प्रकरण चेन्नईच्या पीठाकडं जातं. दाद त्रास पहिल्यांदा सुरू झाल्यापासून सहा महिन्यांत मागायची. सबळ कारण असेल तर आणखी साठ दिवस मिळतात. नुकसानभरपाईला मुदत पाच वर्षं. वहीतली पहिली तारीख इथं कामी येते, म्हणून ती खाडाखोड न करता लिहा. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. बाईमाणसाला तिथं उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. आमच्या अर्जावर म्हणूनच पहिली सही माझ्या सासूबाईंची आहे.