तपास अधिकारी बदलून हवा असेल तर कोर्टात काय मागावं : ठाणे आणि नवी मुंबईकरांसाठी

गुन्हा दाखल होऊन दोन-तीन महिने उलटतात. पोलीस ठाण्यात गेलं की 'साहेब बंदोबस्तावर आहेत' एवढंच कळतं. मग वाटतं, कोर्टात जावं आणि तपास दुसऱ्या अधिकाऱ्याकडे वर्ग करून घ्यावा. तसं मागता येतं, पण 'या साहेबांवर माझा विश्वास नाही' एवढ्यावर कोर्ट तपास काढून घेत नाही. कोणतं काम व्हायला हवं होतं आणि झालं नाही, ते तारखेनिशी दाखवावं लागतं.

म्हणून आधी वही करा. आमच्या शेजारच्या काकूंना मारहाण झाली होती, त्यांचा पहिला अर्ज चार पानी होता आणि चारही पानं अधिकारी त्यांच्याशी कसे बोलले यावर होती. तो अपमान खरा होता, तो वाचताना मलाही त्रास झाला. तरी आम्ही अर्ज नव्याने लिहिला: गेटवरच्या सीसीटीव्हीचं चित्रण ताब्यात घेतलेलं नाही, भांडण पाहणाऱ्या दोघांचे जबाब नोंदवलेले नाहीत, दवाखान्याचा दाखला मागवलेला नाही. तीनच मुद्दे, पण उत्तर द्यावंच लागेल असे. सीसीटीव्हीचं मात्र अर्जाच्या निकालापर्यंत थांबू नका. जुन्या चित्रणावर काही दिवसांतच नवं चढतं, तेव्हा ते जपून ठेवायला सोसायटीच्या सेक्रेटरींना त्याच दिवशी लेखी कळवा आणि त्याची प्रत पोलिसांना द्या.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (पोलीस तपास आणि फौजदारी खटल्यांच्या कार्यपद्धतीचा कायदा) कलम १९३ नुसार तपास कुठवर आला हे ९० दिवसांच्या आत फिर्यादीला किंवा पीडिताला कळवणं पोलिसांना बंधनकारक आहे. कळवलं नसेल तर लेखी विचारा. उत्तर न येणं हाही पुढे तुमचा मुद्दा होतो.

मग वरच्या अधिकाऱ्यांकडे जा. आधी सहायक पोलीस आयुक्त, मग परिमंडळाचे उपायुक्त, मग आयुक्त. शहापूर, मुरबाडकडचं प्रकरण असेल तर ठाणे ग्रामीणचे पोलीस अधीक्षक. तपास दुसऱ्या अधिकाऱ्याकडे किंवा गुन्हे शाखेकडे देणं त्यांच्या हातात असतं, त्यामुळे काम इथेही होऊ शकतं. प्रत्येक अर्जाच्या प्रतीवर शिक्का आणि तारखेची पोच घ्या. ही पायरी गाळलीत तर कोर्ट पहिला प्रश्न तोच विचारेल.

तरीही हालचाल नसेल तर दंडाधिकाऱ्यांकडे, याच संहितेच्या कलम १७५ च्या पोटकलम ३ खाली, प्रतिज्ञापत्रासह अर्ज करा. नवी मुंबईत इथे हमखास घोळ होतो. आयुक्तालय एकच, पण वाशी, तुर्भे, नेरुळ ठाणे जिल्ह्यात आणि खारघर, कामोठे, पनवेल रायगड जिल्ह्यात. म्हणजे खारघरचा अर्ज बेलापूरच्या कोर्टात नाही, पनवेलला.

अर्जात काय मागावं, यावर बरंच अवलंबून आहे. साकिरी वासू खटल्यात २००८ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की तपास नीट होतो की नाही यावर दंडाधिकारी देखरेख ठेवू शकतात. सुधीर तांबे प्रकरणात, तपास अधिकारी बदलावा अशी शिफारसही ते वरिष्ठांना करू शकतात, असं स्पष्ट झालं. म्हणून मागण्या अशा लिहा: तपासाचा अहवाल मागवावा, राहिलेली अमुक कामं करून घ्यावीत, देखरेख ठेवावी आणि अधिकारी बदलण्याची शिफारस आयुक्तांना करावी. सीबीआय मागू नका, तो आदेश दंडाधिकारी देऊ शकत नाहीत. कोर्ट पोलिसांचा 'से', म्हणजे लेखी म्हणणं, मागवतं, त्याची प्रत घेऊन तुमच्या वहीशी ताडून पाहा.

मुंबई उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करता येते, पण दंडाधिकाऱ्यांकडे गेलात का, हे तिथेही विचारतात. आरोप पोलिसांवरच असेल किंवा समोरच्याचा दबाव कागदोपत्री दिसत असेल, तर तो मार्ग खरा. सीबीआयकडे तपास देण्याचा अधिकार उच्च न्यायालयाला आहे, मात्र तो अपवादानेच वापरावा असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २०१० मध्ये बजावलं आहे. आणि आरोपीला आपल्या पसंतीची तपास यंत्रणा निवडता येत नाही.

या सगळ्या धावपळीत पोलिसांनी 'ब समरी', म्हणजे फिर्याद खोटी असल्याचा अहवाल, कोर्टात दिला तर घाबरू नका, पण एक दिवसही घालवू नका. तो मंजूर करण्याआधी फिर्यादीला नोटीस मिळते. दिलेल्या तारखेला हजर राहून लेखी हरकत घ्या आणि पुढील तपास मागा.

वकिलाची फी परवडत नसेल तर ठाण्याच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो.

अधिकारी बदलले की पहिल्याच आठवड्यात नव्या अधिकाऱ्यांना भेटा, केस डायरी, म्हणजे तपासाची रोजची नोंदवही, त्यांच्याकडे पोचली का ते विचारा आणि राहिलेल्या कामांची तीच यादी देऊन पोच घ्या.