औषधाच्या नावाच्या शेवटी 'मॅब' असेल तर ते नाव कसं वाचायचं

सोलापुरात सात रस्त्याजवळ माझं मेडिकल आहे, सोळा वर्षं झाली काउंटरवर उभी राहून, आणि हल्ली आठवड्यातून दोनतीनदा तरी कुणीतरी फाईल पुढे सरकवतं आणि एका लांबलचक नावावर बोट ठेवतं. मागच्या उन्हाळ्यात अक्कलकोट रोडला यंत्रमागावर काम करणारा एक मुलगा आला होता, आईला स्तनाचा कॅन्सर, आणि मला म्हणाला "ओ मॅडम, डॉक्टरनी एवढं महागाचं अँटिबायोटिक लिहून दिलंय, ह्याच्याऐवजी साधं अँटिबायोटिक चालत नाही का ओ?" चिठ्ठीवर ट्रास्टुझुमॅब लिहिलेलं होतं. ते अँटिबायोटिक नाही, अँटिबॉडी आहे, आणि हा गोंधळ इतक्या घरांत होतो की एकदा नीट बसून लिहावं असं तेव्हापासून डोक्यात होतं.

तर आधी तेवढं सोडवून टाकू. अँटिबायोटिक म्हणजे प्रतिजैविक, ते जंतूंना मारतं किंवा त्यांची वाढ थांबवतं. अँटिबॉडी म्हणजे प्रतिपिंड, हे प्रोटीन आहे, आपलं शरीर रोज स्वतः बनवतं, आकार इंग्रजी वाय अक्षरासारखा, आणि वायच्या वरच्या दोन हातांची टोकं अशी घडवलेली असतात की ती एका ठराविक गोष्टीलाच पकडतात, बहुतेक वेळा दुसऱ्या एखाद्या प्रोटीनच्या एका ठराविक जागेला. जिला पकडायचं ती गोष्ट म्हणजे अँटिजेन, किंवा औषधाच्या भाषेत टार्गेट. त्यामुळे ह्या औषधाबद्दल विचारायचा पहिला प्रश्न "किती एमजी?" हा नाहीच, "हे कशाला पकडतं?" हा आहे. डॉक्टरांना हा प्रश्न विचारायला लाजू नका, ते दोन मिनिटांत सांगतात, आणि उत्तर वहीत लिहून ठेवा.

आता मोनोक्लोनल म्हणजे काय. शरीरात एखादा विषाणू शिरला की शेकडो वेगवेगळ्या बी पेशी (रक्तातल्या एक प्रकारच्या पांढऱ्या पेशी) कामाला लागतात आणि प्रत्येक पेशी आपापल्या डिझाईनची अँटिबॉडी काढते, म्हणजे रक्तात त्यांची मिसळ असते, हिला म्हणतात पॉलिक्लोनल. पण एकच पेशी निवडली आणि तिचाच वंश वाढवला तर जेवढ्या अँटिबॉडी निघतील त्या सगळ्या हुबेहूब एकसारख्या, ती मोनोक्लोनल. सोलापूरच्या माणसाला हे समजायला अवघड नाही, जॅकार्ड मागावर एकच डिझाईनचं कार्ड लावलं की हजार चादरी काढा, प्रत्येकीवर तोच मोर त्याच जागी येणार.

अडचण अशी होती की बी पेशी शरीराबाहेर फार दिवस जगत नाही. १९७५ मध्ये केंब्रिजला जॉर्ज कोलर आणि सीझर मिलस्टाइन ह्या दोघांनी उंदराची बी पेशी आणि न थांबता वाढणारी कॅन्सरची पेशी एकमेकींत विरघळवून एक जोडपेशी केली, हायब्रिडोमा म्हणतात तिला, एकीचं डिझाईन आणि दुसरीचं आयुष्य. १९८४ चं नोबेल त्यांना मिळालं, सोबत नील्स येर्ने ह्या तिसऱ्या शास्त्रज्ञाला. आणि १९८६ मध्ये पहिलं औषध आलं, म्युरोमोनॅब, किडनी बदलल्यावर शरीर ती नाकारायला लागतं ते थांबवायला. मॅब हा तुकडा मोनोक्लोनल अँटिबॉडीच्या इंग्रजी आद्याक्षरांचा.

म्हणून नाव वाचायचं ते शेवटाकडून. शेवट मॅब असेल तर अँटिबॉडी, नक्की. शेवट निब असेल, जसं इमॅटिनिब किंवा गेफिटिनिब, तर ती गोळी आहे, छोटा रेणू, पेशीच्या आत जाऊन काम करतो, तिला अँटिबॉडी म्हणू नका. शेवट सेप्ट असेल, जसं एटानर्सेप्ट, तर ते पण प्रोटीन आहे, इंजेक्शनच आहे, पण अँटिबॉडी नाही, रिसेप्टरचा, म्हणजे पेशीवरच्या सिग्नल पकडणाऱ्या प्रोटीनचा, तुकडा जोडून केलेलं वेगळं काम आहे. मॅब मात्र गोळीतून कधीच मिळणार नाही, कारण पोटात गेलं तर डाळीतल्या प्रोटीनसारखं पचून जाईल, म्हणून "गोळी नाही का हो ह्याची?" ह्याचं उत्तर नाही असंच आहे, दुकानदार टाळतोय असं नाही.

मॅबच्या अलीकडचा तुकडा सांगतो की अँटिबॉडीची घडण कुणाची आहे. ओ असेल तर पूर्ण उंदराची. क्सि असेल तर मिश्र, हातांचा टोकाकडचा भाग उंदराचा आणि बाकी सगळं माणसाचं, रिटुक्सिमॅब, इन्फ्लिक्सिमॅब. झु असेल तर माणसाळवलेली, पकडणारी बोटं तेवढी उंदराची, जसं ट्रास्टुझुमॅब, बेवासिझुमॅब. आणि नुसता उ असेल तर पूर्ण मानवी घडणीची, अडॅलिमुमॅब, डेनोसुमॅब. हे एवढं का करावं लागलं, तर म्युरोमोनॅब पूर्ण उंदराचं होतं आणि माणसाचं शरीर त्यालाच परकं समजून त्याच्याविरुद्ध अँटिबॉडी बनवायला लागलं, म्हणून हळूहळू उंदराचा भाग कमी करत नेला.

इथे मला दर वेळी एक प्रश्न येतो, बहुतेक माळ घातलेल्या आजोबांकडून किंवा घरात कांदालसूणही न खाणाऱ्या मावशींकडून, की "उंदीर मारून काढलंय का गं हे?" मी मनापासून ह्याचं उत्तर देते कारण विचारणाऱ्याला ते खरंच टोचत असतं. उंदीर मारून ते काढत नाहीत. घडण म्हणजे डिझाईन, आणि आज ही औषधं मोठ्या स्टीलच्या टाक्यांत वाढवलेल्या पेशी बनवतात, त्यातल्या खूपशा पेशी चिनी हॅमस्टर नावाच्या छोट्या प्राण्याच्या अंडाशयातून १९५० च्या दशकात एकदा घेतलेल्या पेशींच्या वंशातल्या आहेत. म्हणजे प्राण्याशी संबंध नाहीच असं मी म्हणणार नाही, पण तुमच्या आईच्या इंजेक्शनसाठी वेगळा कुठला जीव मारलेला नाही. एवढं सांगितल्यावर बहुतेक जण शांत होतात.

त्याच्याही अलीकडचा तुकडा टार्गेट कुठल्या गटातलं ते सांगतो, आणि इथे मात्र जरा सांभाळून. टु म्हणजे ट्यूमर, लि म्हणजे प्रतिकारशक्ती, सि म्हणजे रक्ताभिसरण, वि म्हणजे विषाणू, स म्हणजे हाड. अडॅलिमुमॅबमधला लि बरोबर बसतो, ते टीएनएफ नावाचा सूज वाढवणारा प्रोटीन पकडतं आणि सांधेदुखीत, सोरायसिसमध्ये देतात. डेनोसुमॅबमधला स पण बरोबर, ते हाड झिजवणाऱ्या पेशींना मिळणारा एक सिग्नल पकडतं. पण बेवासिझुमॅब बघा, आत सि आहे आणि लिहून दिलंय कॅन्सरला, लोक घाबरून विचारतात की हार्टचं औषध चुकून आलं का. चुकून नाही, ते नवीन रक्तवाहिन्या उगवायला लावणारं प्रोटीन पकडतं, आणि गाठीला वाढायला रक्त लागतं. रिटुक्सिमॅबमध्ये टु आहे पण ते संधिवातालाही देतात, कारण ते पकडतं बी पेशीवरच्या सीडी २० ह्या प्रोटीनला, आणि बी पेशी काही रक्ताच्या कॅन्सरमध्ये पण असतात, संधिवातात पण. तेव्हा नावावरून रोग ओळखायला जाऊ नका, ते काम रिपोर्टचं.

रिपोर्टवरून आठवलं, अँटी हा शब्द दोन ठिकाणी दोन अर्थांनी येतो आणि त्यानं फार गडबड होते. "पेशंट अँटी टीएनएफवर आहे" म्हणजे टीएनएफला पकडणारं औषध चालू आहे. पण थायरॉइडच्या रिपोर्टवर "अँटी टीपीओ वाढलंय" म्हणजे तुमच्या स्वतःच्या शरीरानं तुमच्याच थायरॉइडच्या प्रोटीनविरुद्ध अँटिबॉडी केल्यात आणि त्या मोजल्यात, तिथे कुठलं औषध नाही. वाचायची रीत दोन्हीकडे एकच, अँटीच्या पुढे जे नाव ते टार्गेट, फक्त अँटिबॉडी कुणी बनवली ते बघायचं, कंपनीनं का शरीरानं. तिसरीकडे ती लॅबचं हत्यार म्हणून पण येते. घरी करतो त्या प्रेग्नन्सीच्या पट्टीवर एचसीजी ह्या गर्भारपणातल्या हार्मोनला पकडणाऱ्या अँटिबॉडी बसवलेल्या असतात, आणि स्तनाच्या गाठीचा तुकडा तपासताना हर टू नावाचं प्रोटीन पकडणारी अँटिबॉडी लावूनच रंग आणतात. तो रंग ३ प्लस आला तर हर टू पॉझिटिव्ह, शून्य किंवा १ प्लस तर निगेटिव्ह, आणि २ प्लस आला तर फिश नावाची पुढची तपासणी करून ठरवतात. ट्रास्टुझुमॅबचं टार्गेट हर टूच आहे, त्या मुलाच्या आईच्या फाईलमध्ये ३ प्लस होतं, त्याला तेच पान काढून दाखवलं तेव्हा त्याला कळलं की साधं अँटिबायोटिक का चालणार नाही.

मॅबच्या पुढे दुसरा शब्द आहे का हे बघायला अजिबात विसरू नका, हे मी हात जोडून सांगते. ट्रास्टुझुमॅब वेगळं आणि ट्रास्टुझुमॅब एमटान्सिन वेगळं, दुसऱ्यात अँटिबॉडीला केमोचं विष बांधून पाठवलेलं असतं, डोस वेगळा, त्रास वेगळे, एकाच्या जागी दुसरं गेलं तर जिवावर बेतू शकतं. चिठ्ठीवर, बिलावर आणि बाटलीवर, तिन्हीकडे पूर्ण नाव जुळवायचं, नुसतं "ट्रास्टु" म्हणून फोनवर ऑर्डर द्यायची नाही. ब्रँड वेगळा असला तर मात्र लगेच घाबरू नका, भारतात ह्यांची बायोसिमिलर आहेत, रिटुक्सिमॅबचं डॉ. रेड्डीजनं २००७ ला आणलं, ट्रास्टुझुमॅबचं बायोकॉननं २०१४ ला, आणि किमती खाली आल्या त्या त्यामुळे. बायोसिमिलर म्हणजे जिवंत पेशीत बनवलेलं जवळजवळ तसंच औषध, गोळ्यांच्या जेनेरिकसारखं हुबेहूब म्हणता येत नाही, म्हणून मधेच ब्रँड बदलायचा तर डॉक्टरांना विचारून बदलायचा आणि ब्रँड, बॅच नंबर दर वेळी लिहून ठेवायचा.

सुरू करायच्या आधी काय काय विचारायचं ते पण टार्गेटवरूनच कळतं. अँटी टीएनएफ असेल तर टीबीची तपासणी झाली का, कारण टीएनएफ शरीरात दडलेल्या टीबीला कोंडून ठेवतो आणि तो अडवला की टीबी बाहेर येऊ शकतो, आपल्याकडे हा प्रश्न सगळ्यात आधी विचारायचा. रिटुक्सिमॅब असेल तर हिपॅटायटिस बी. ट्रास्टुझुमॅब असेल तर टू डी इको, हृदयावर लक्ष ठेवावं लागतं. डेनोसुमॅब असेल तर कॅल्शियम आणि दात, आणि हाडाच्या ठिसूळपणासाठी दर सहा महिन्यांनी असेल तर तारीख चुकवायची नाही, मनानं बंद केलं तर मणके पटापट मोडल्याचं दिसलंय.

कुत्रा चावल्यावर पण हा शब्द आता ऐकू येतो. खोल चावा असेल तर जखमेत जे सिरम भरतात ते घोड्याच्या किंवा माणसाच्या रक्तातलं पॉलिक्लोनल असतं, त्याऐवजी रेबीजची मोनोक्लोनल अँटिबॉडी पण मिळते, पुण्याच्या सिरम इन्स्टिट्यूटची आहे. ती लगेच संरक्षण देते पण थोडे दिवस, शरीर स्वतः शिकतं ते लसीनं, म्हणून लसीचे सगळे डोस घ्यायचेच घ्यायचे.

नावांचे नियम बदलतायत हेही माहीत असू द्या. २०१७ पासून नवीन नावांत उंदीर का माणूस तो तुकडा घालणं डब्ल्यूएचओनं बंद केलं, आणि २०२१ पासून नवीन औषधांना मॅबच लावायचं नाही असं ठरलं, त्याऐवजी टग, बार्ट, मिग, मेंट असे चार शेवट. मिग म्हणजे एकापेक्षा जास्त टार्गेट पकडणारी, मेंट म्हणजे अँटिबॉडीचा तुकडा. जुनी नावं आहेत तशीच राहणार.

आता राहिलं घरी आणायचं. हे प्रोटीन आहे, २ ते ८ डिग्रीत ठेवायचं, फ्रीझरमध्ये नाही, फ्रीजच्या दारात नाही, मधल्या कप्प्यात, आणि बाटली खळाखळा हलवायची नाही. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४२-४३ ला जातो, पुण्याहून हुतात्मा एक्स्प्रेसनं औषध आणणारे थर्माकोलच्या डब्यात आणतात ते बरोबर आहे, पण गेल्या वर्षी एका घरच्यांनी काळजीपोटी बाटली थेट गोठलेल्या जेल पॅकला चिकटवून आणली, घरी येईस्तोवर आतलं पाणी गोठलेलं, आणि एकदा गोठलं की ते औषध वितळवून सुद्धा वापरता येत नाही, सगळे पैसे गेले. त्या घरातल्या बाई काउंटरवर रडल्या ते मला अजून आठवतं. म्हणून जेल पॅक खाली, त्यावर आपला सोलापुरी नॅपकिन दोन घड्या करून, आणि मग खोक्यासकट बाटली, खोकं फेकायचं नाही कारण उजेडही लागू द्यायचा नसतो, आणि डबा घरी पोचेपर्यंत उघडायचा नाही.