मॅटमधली केस मागे घेताना

बदलीविरुद्ध मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, केस चालू असते. बदली रद्द होणार अशी कुणकुण लागली की सरकारी कर्मचारी मला फोन करतो, ‘वकीलसाहेब, केस काढून टाका.’ मी म्हणतो, आधी सहीशिक्क्याचा आदेश दाखवा. केस गेली की अंतरिम स्थगितीही जाते.

मग पुरसीस, म्हणजे केस मागे घेत असल्याचं लेखी निवेदन. वर मूळ अर्जाचा क्रमांक, खाली अर्जदाराची आणि वकिलाची सही, एक प्रत सरकारची बाजू मांडणाऱ्या सादरकर्ता अधिकाऱ्याला. मजकूर दोन ओळींचा पुरतो, पण ‘पुन्हा दाद मागण्याची मुभा ठेवून’ हे शब्द लिहायचे राहून गेले तर तोच वाद पुन्हा उकरणं अवघड. मुभा न्यायाधिकरणाने आदेशात लिहून दिली, तरच तिला अर्थ. आणि ती मिळाली तरी १९८५च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यातली, कलम २१ची अर्ज करण्याची एक वर्षाची मुदत आपोआप वाढत नाही. प्रमाणित प्रत नीट वाचूनच फाईल बांधा.